स्वप्नं आणि वाचलेलं-ऐकलेलं टिपून ठेवायला ऑब्सिडियन, एकदम भारी

सकाळी उठल्या उठल्या स्वप्न लिहून काढायचं असेल तर ऑब्सिडियन हे नोट्स लिहायचं ॲप घ्याच, दात नंतर घासा, नाहीतर तोवर ते पार विरून जातं. ॲप फुकट आहे आणि सगळं आपल्याच फोनमध्ये साध्या टेक्स्ट फाइलीत राहतं, त्यामुळे उद्या ॲप बंद पडलं तरी नोट्स आपल्याकडेच. शब्दाला दुहेरी चौकोनी कंस लावले की त्या नावाच्या नोटची लिंक तयार, म्हणजे माझ्या 'विहीर' नोटच्या बॅकलिंकमध्ये (तिला लिंक केलेल्या नोट्सच्या यादीत) स्वप्नातली विहीरही दिसते आणि बारवांबद्दल कुठेतरी वाचलेलं टिपणही, हे मला जाम आवडतं!! निकलास लुहमान या जर्मन समाजशास्त्रज्ञाने अशीच सुमारे ९०,००० कार्डं हाताने लिहून एकमेकांना जोडली होती. फोल्डर करत बसू नका, लिंकाच लावा. मराठीत सर्चही मस्त चालतो.