दहावीच्या पुस्तकातील उत्क्रांतीचे प्रकरण

बालभारतीच्या दहावीच्या ‘विज्ञान आणि तंत्रज्ञान’ या पुस्तकाचा दुसरा भाग आनुवंशिकता व उत्क्रांती या प्रकरणाने सुरू होतो आणि एवढ्या एका कारणासाठीही तो पालकांनी उघडून पाहावा. एनसीईआरटी या केंद्रीय पाठ्यपुस्तक संस्थेच्या दहावीच्या पुस्तकातून 2023 मध्ये उत्क्रांतीचा भाग वगळला गेला. बारावीच्या जीवशास्त्रात तो आहे, पण ते जीवशास्त्र घेणारी मुले थोडीच असतात.

या प्रकरणाचे खरे बळ पुराव्यांच्या मांडणीत आहे. आंत्रपुच्छ (अपेंडिक्स), अक्कलदाढ, माकडहाड ही अवशेषांगे, म्हणजे पूर्वजांकडून आलेले पण आता फारसे उपयोगाचे नसलेले अवयव, मुलाला स्वतःच्याच शरीरात दाखवता येतात. पुढे जीवाश्म, कार्बनवरून जुन्या अवशेषांचे वय काढण्याची पद्धत (कार्बन वयमापन) आणि पेरीपॅटस, लंगफिश यांसारखे जोडणारे दुवे, म्हणजे दोन वेगळ्या गटांची लक्षणे असलेले प्राणी येतात, त्यामुळे डार्विनचा सिद्धांत निव्वळ मत म्हणून समोर येत नाही. त्या सिद्धांतावरील आक्षेपही पुस्तक सांगते, हे मला फार मोलाचे वाटते, कारण शंका विचारणे हा विज्ञानाचाच भाग आहे, हे मुलांना तिथे कळते.

मानवाच्या वाटचालीचा भाग मात्र जुना झाला आहे. पुस्तकात मानवाच्या वाटचालीत येणाऱ्या रामापिथेकस या प्राचीन कपीला आज शास्त्रज्ञ ओरांगउटानच्या शाखेजवळ ठेवतात, मानवाच्या पूर्वजांत नव्हे. शिवाय ‘मग आपल्याला देवाने घडवले नाही का?’ हा वर्गात हमखास येणारा प्रश्न शिक्षकाने एकट्यानेच पेलायचा असतो. श्रद्धेचा अपमान न करता पुराव्याशी प्रामाणिक कसे राहावे, याचे दोन पानी मार्गदर्शन शिक्षकांसाठी जोडले जावे, अशी माझी कळकळीची मागणी आहे.