एस्मा, ब्युनोस आयर्स : तासाभरात उरकू नका

ब्युनोस आयर्सला जाणार असाल तर लिबर्तादोर रस्त्यावरच्या एस्मा संग्रहालयासाठी अर्धा दिवस मोकळा ठेवा. आमच्या सहलवाल्याने जेमतेम तासभर दिला होता, म्हणून दुसऱ्या दिवशी खरेदीचा कार्यक्रम सोडून मी पुन्हा एकटा गेलो. आयुष्य वकिलीत गेलंय, त्यामुळे माझं लक्ष जिथे रेंगाळलं तिथे तुमचं रेंगाळेलच असं नाही.

ही मूळची नौदलाची तंत्रशाळा. अर्जेंटिनातल्या १९७६ ते १९८३ च्या लष्करी राजवटीत इथल्या अधिकारी-निवासात सुमारे ५००० माणसं डांबली गेली. बहुतेक परत आलीच नाहीत. आरोपपत्र नाही, अटकेची नोंद नाही. घरचे बंदी प्रत्यक्षीकरणाचा, म्हणजे 'ताब्यातल्या माणसाला कोर्टापुढे आणा' असा, अर्ज घेऊन कोर्टात जायचे, 'अशी व्यक्ती आमच्या ताब्यात नाही' असं सरकारी उत्तर यायचं आणि अर्ज निकाली निघायचा. तो माणूस मात्र इथे माळ्यावर, डोळे झाकलेले, पायात बेड्या, असा पडलेला असायचा. खालच्या मजल्यांवर अधिकारी झोपायचे. राजवट याला युद्ध म्हणायची. अहो, जिनिव्हा करारानुसार युद्धकैद्याचं नाव शत्रूलाही कळवावं लागतं!

मी सगळ्यात जास्त वेळ थांबलो तो तळमजल्यावर. सप्टेंबर १९७९ मध्ये आंतर-अमेरिकी मानवाधिकार आयोग पाहणीला येणार होता. त्याआधी नौदलाने तळघरात, म्हणजे छळाच्या खोल्यांकडे, उतरणारा जिना काढून टाकला, लिफ्ट बुजवली आणि कैद्यांना तिग्रेजवळच्या एका बेटावर हलवलं. सुटून गेलेल्यांनी वर्णन केलेली इमारत जागेवर सापडूच नये, हा डाव. पण फेरफाराच्या खुणा राहिल्या, त्या आजही दिसतात, आणि वाचलेल्यांच्या साक्षींना त्यांनीच दुजोरा दिला. इमारत न्यायालयीन पुरावा असल्यामुळे सगळं प्रदर्शन मूळ भिंतींना धक्का न लावता उभं केलंय. पोपडे निघालेल्या भिंती बघून आमच्या गटातल्या एका काकूंनी 'रंग तरी द्यायचा' म्हटलं. रंग दिला नाही हेच उत्तम.

आवारातलं स्कायव्हॅन विमान चुकवू नका. अशा विमानांतून कैद्यांना गुंगीचं औषध देऊन जिवंतपणी समुद्रात फेकलं जायचं. याच विमानाच्या १४ डिसेंबर १९७७ च्या उड्डाणात असं फेकलं गेलेल्यांत, आपल्या बेपत्ता मुलांना शोधणाऱ्या आयांच्या संघटनेची संस्थापक असुसेना व्हियाफ्लोर होती. हे विमान पुढे अमेरिकेत विकलं गेलं, तिथे त्याच्या उड्डाणांच्या जुन्या नोंदी सापडल्या, आणि २०१७ मध्ये वैमानिकांना जन्मठेप झाली. माणसांची नोंद टाळणाऱ्यांनी विमानाची मात्र चोख ठेवली होती. विमान २०२३ मध्ये परत आणलं.

शेवटच्या दालनात शिक्षा झालेल्यांचे चेहरे प्रकाशझोतात भिंतीवर उमटतात. मला ते किंचित नाटकी वाटलं. खोल्याखोल्यांतून दाखवल्या जाणाऱ्या कोर्टातल्या साक्षी पुरेशा होत्या. स्पॅनिश येत नसेल तर लष्करशहांवरच्या १९८५ च्या खटल्याबद्दल आधी थोडं वाचून जा. गर्भवती कैद्यांच्या खोलीतून त्यांची बाळं दुसऱ्यांना दिली गेली, त्यामुळे लहान मुलांना नेणार असाल तर त्या खोलीत प्रश्न येणार हे धरून चला.