साकीनाक्याची सेकंड लाइफ बॅटरी: आमच्या अभ्यासिकेचा अनुभव

भांडुपला आमच्या मंडळाची अभ्यासिका आहे. एमपीएससी, पोलीस भरतीची पोरं रात्री उशिरापर्यंत बसतात आणि पावसाळ्यात वीज गेली की वाचन बंद. इन्व्हर्टरच्या जुन्या ट्युब्युलर (शिसे-आम्लाच्या, पाणी घालायच्या) बॅटरीने मान टाकली, तेव्हा साकीनाक्याला खैरानी रोडवरच्या एका वर्कशॉपमधून डिलिव्हरीच्या तीनचाकी गाड्यांतून उतरवलेल्या लिथियम सेलची बॅटरी बांधून घेतली. नव्या लिथियमच्या जवळपास निम्म्या पैशांत पडली.

गाडीची बॅटरी क्षमता ७०-८० टक्क्यांवर आली की रेंज पुरत नाही, म्हणून उतरवतात. पंखे-ट्यूबना तेवढी क्षमता भरपूर होते. पण खरं काम सेल निवडण्यात आहे, आणि ते मी टेबलाशी उभं राहून पाहिलं. कारागीर प्रत्येक सेल पूर्ण भरतो, पूर्ण उतरवतो, किती अँपिअर-तास निघाले ते मार्करने त्याच्या अंगावर लिहितो, मग आतला रोध मोजतो. आमच्या चार सेलवर ७७, ७८, ७८, ७९ असे आकडे आहेत. नवे असताना ते १०० अँपिअर-तासांचे होते. आकडे असे जवळजवळ हवेतच, कारण सेल एकापुढे एक (सिरीजमध्ये) जोडलेले असतात, आणि त्यातला सगळ्यात अशक्त सेल संपला की बीएमएस, म्हणजे बॅटरीवर लक्ष ठेवणारं सर्किट, अख्खी बॅटरी बंद करतो. फुगलेले सेल वेगळ्या पत्र्याच्या पेटीत होते.

चार पंखे (कमी वीज खाणारे बीएलडीसी) आणि आठ ट्यूब पावणेतीन तास चालतात. डिस्टिल्ड वॉटरची कटकट संपली.

तक्रारीही आहेत. माल सांगितलेल्या तारखेला मिळाला नाही. टेस्टचा कागद मागितल्यावरच दिला, खरं तर तो बिलासोबतच यायला हवा. आणि इन्व्हर्टरचं चार्जिंग बदलावं लागेल हे कोणी आपणहून सांगितलं नाही. चार सेलच्या या बॅटरीला १४.६ व्होल्टच्या वर चार्ज द्यायचा नसतो, ट्युब्युलरचं सेटिंग चालत नाही. तुमच्या इन्व्हर्टरला लिथियम मोड नसेल तर त्याचा खर्च आधीच धरा.

बाद सेलचं काय करता, हेही मी विचारलं. नोंदणीकृत रिसायकलरची पावती दाखवली, तिथे माझा विश्वास बसला. २०२२च्या बॅटरी कचरा नियमांनुसार हा माल डम्पिंगवर टाकायला किंवा जाळायला बंदी आहे. शिवाय हे सेल लिथियम आयर्न फॉस्फेटचे. त्यात कोबाल्ट नाही, निकेल नाही, म्हणून गाळून फार पैसा सुटत नाही. असा सेल आणखी काही वर्षं वापरूनच मग रिसायकलिंगला जावा, असं मला मनापासून वाटतं.

घ्यायची असेल तर चारही सेलचे आकडे वाचूनच पैसे द्या. कागद नाही म्हणाले तर परत फिरा. आणि बॅटरी जिन्याखाली ठेवू नका, पेटलीच तर बाहेर पडायची वाट अडते. आम्ही दाराच्या वाटेपासून लांब, हवेशीर कोपऱ्यात ठेवली आहे.