सिटी सिव्हिल कोर्टातला तात्पुरता मनाईहुकूम: कुठे कामाला येतो, कुठे अडतो

शेजाऱ्याने सामाईक वाटेवर विटा आणून टाकल्यात, उद्या भिंत चढणार. अशा वेळी मुंबईत दिवाणी कोर्टाकडून मिळणारी सर्वांत उपयोगी गोष्ट म्हणजे तात्पुरता मनाईहुकूम, म्हणजे दिवाणी प्रक्रिया संहितेचा ऑर्डर 39, नियम 1 आणि 2. दाव्याच्या निकालाला वर्षं लागतात, हा हुकूम मात्र दावा दाखल झाला त्याच दिवशीही मिळू शकतो. म्हणून आमचं मत अनुकूल आहे. अर्धवट कागद घेऊन जाणाऱ्याच्या हाती मात्र काहीच लागत नाही.

आधी कोर्ट बरोबर निवडा. घरमालक-भाडेकरू वाद स्मॉल कॉजेस कोर्टाकडे (लघुवाद न्यायालय), सोसायटीच्या कारभाराबद्दल सभासदाची तक्रार महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियमाच्या कलम 91 खाली सहकार न्यायालयाकडे. बाकीचे दिवाणी दावे 10 कोटींपर्यंत सिटी सिव्हिलला (2024 पूर्वी ही मर्यादा 1 कोटी होती), त्यावरचे हायकोर्टात. मालमत्ता कुठल्या भागात आहे त्यावर सिटी सिव्हिलचं फोर्टचं कोर्ट की दिंडोशीचं हे ठरतं. चुकीच्या कोर्टात गेलात तर दावा परत हातात येतो आणि तोवर भिंत उभी राहते.

दाव्यासोबत नोटीस ऑफ मोशन (म्हणजे मनाईहुकमाचा अर्ज), त्याला जोडलेलं प्रतिज्ञापत्र, कागदपत्रांचं कंपायलेशन (एकत्र संच) आणि वकालतनामा लागतो. मालमत्तेच्या वादात महिला वादीला महाराष्ट्रात 1994 पासून कोर्ट फी माफ आहे. ही गोष्ट फाइलिंगच्या आधीच वकिलांना विचारा. तातडी असेल तर प्रेसिपी (छोटं विनंतीपत्र) देऊन कोर्टापुढे मेन्शन करायचं, म्हणजे प्रकरण लगेच ऐका असं तोंडी सांगायचं. समोरच्याला आधी कळवलं असेल तर त्या पत्राची किंवा ईमेलची प्रत जोडा. नोटीस न देताच हुकूम हवा असेल तर नोटीस दिल्याने हेतूच कसा फसेल हे प्रतिज्ञापत्रात स्पष्ट लिहा, कारण एकतर्फी हुकूम देताना कोर्टालाही कारणं नोंदवावी लागतात.

कोर्ट तीन गोष्टी बघतं: प्रथमदर्शनी केस, सोयीचा तोल कुणाकडे झुकतो (हुकूम दिला किंवा नाकारला तर जास्त गैरसोय कुणाची), आणि पैशाने भरून न येणारं नुकसान. अर्ज बहुतेक वेळा कायद्यावर पडत नाहीत, ते तारखांवर पडतात. विटा मार्चमध्ये आल्या आणि तुम्ही जूनमध्ये आलात तर पहिला प्रश्न उशिराचाच येतो. म्हणून दाव्यात घटनाक्रम तारीखवार हवा, आणि मध्ये पोलिसांत किंवा महापालिकेत तक्रार केली असेल तर त्याची पोच हवी. फोटो मोबाइलमधले असतील तर भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम 63 चं प्रमाणपत्र जोडा. फोटोत भिंतीची उंची समजेल अशी एखादी ओळखीची वस्तू असू द्या, दरवाजाची चौकट असली तरी पुरे. तुमच्या विरोधात जाणारा कागदही स्वतःच दाखवा. जुना करार लपवला आणि प्रतिवादीने तो पुढच्या तारखेला काढला, तर मिळालेला हुकूम तेवढ्यावरच रद्द होऊ शकतो.

मागणीचं कलम घाईत लिहिलं जातं, आणि आमच्या मते तिथेच सर्वांत जास्त नुकसान होतं. 'प्रतिवादीने त्रास देऊ नये' ही मागणी कुणी कशी अमलात आणणार? प्रतिवादी, त्याचे नोकर, एजंट आणि कंत्राटदार यांनी नकाशात लाल रंगाने दाखवलेल्या जागेत कोणतंही बांधकाम करू नये, असं लिहा. भिंत आधीच उभी असेल तर नुसती मनाई पुरत नाही, ती पाडण्याची मागणी करावी लागते. तिचा निकष कडक आहे. डोरब कावसजी वॉर्डन प्रकरणात 1990 मध्ये सुप्रीम कोर्टाने प्रथमदर्शनी केसपेक्षा भक्कम केस हवी असं म्हटलं.

हुकूम मिळाला की लोक निवांत होतात, आणि खरी चूक इथेच होते. एकतर्फी हुकूम मिळाल्यावर ऑर्डर 39 च्याच नियम 3 प्रमाणे दावा, अर्ज, प्रतिज्ञापत्र आणि कागदपत्रं यांच्या प्रती प्रतिवादीला ताबडतोब द्यायच्या किंवा रजिस्टर्ड पोस्टाने पाठवायच्या. तसं केल्याचं प्रतिज्ञापत्र त्याच दिवशी किंवा फार तर दुसऱ्या दिवशी दाखल करायचं. हातोहात देऊन तारीख-वेळेसह सही घेणं सगळ्यात पक्कं. हे राहिलं की प्रतिवादीचा वकील पहिल्याच तारखेला हुकूम उठवायला सांगतो. म्हणून प्रतींचे संच कोर्टात जाण्याआधीच तयार ठेवा.

अशा अर्जाचा निकाल 30 दिवसांत लावायचा प्रयत्न करावा असं नियम 3ए सांगतो, पण तारखा त्यापुढेही जातात. या व्यवस्थेची ही बाजू कमकुवत आहे. पुढची तारीख आणि रोजनामा (प्रत्येक तारखेला काय झालं याची कोर्टाची नोंद) ई-कोर्ट्स या वेबसाइटवर फुकट दिसतो. रोजनाम्यात हुकूम 'पुढच्या तारखेपर्यंत' असेल तर प्रत्येक तारखेला तो वाढवून घेतलाय ना, हे स्वतः बघा.

हुकूम मोडला तर नियम 2ए खाली मालमत्ता जप्त होऊ शकते, तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैदही. त्यासाठी वेगळा अर्ज लागतो आणि प्रतिवादीला हुकूम माहीत होता हे दाखवावं लागतं.

तुमच्यावरच कुणी असा हुकूम आणेल अशी शंका असेल तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 148ए खाली कॅव्हेट लावा, म्हणजे मला ऐकल्याशिवाय हुकूम देऊ नका अशी आगाऊ सूचना. ते 90 दिवस टिकतं, नंतर पुन्हा लावावं लागतं. मनाईहुकमाचा अर्ज फेटाळला गेला तर हायकोर्टात अपील फ्रॉम ऑर्डर, म्हणजे त्या आदेशाविरुद्धचं अपील आहे. पण चालू असलेला अंतरिम हुकूम अपिलापर्यंत कायम ठेवा ही विनंती निकाल सांगितला जात असतानाच, त्याच कोर्टात करायची.