कस्क ईल आणि खरी वाम: ओळखायचं कसं?

दोन्ही मासेच. दोघींचं अंग लांबट, पाठीचा आणि खालचा पर (पोहण्याचा पंखासारखा अवयव) शेपटीशी जुळलेला. कस्क ईलच्या नावातही ईल, म्हणजे इंग्रजीत वाम, म्हणून फसगत ठरलेली. पण कस्क ईलच्या हनुवटीखाली बघा: मिशांसारखे दिसणारे ते दोरे म्हणजे चक्क पोटाचे पर, पुढे सरकून गळ्याशी आलेले! त्यांनीच ती तळ चाचपत भक्ष्य शोधते. मला ही रचना फार विलक्षण वाटते. वामीला पोटाचे पर नसतातच. तिची कल्ल्यांची फटही अरुंद, कस्क ईलची मात्र रुंद. वामीची पिल्लं पानासारखी चपटी, पारदर्शक असतात. कस्क ईलची तशी नसतात. म्हणूनच वर्गीकरणात दोघींचे गण वेगळे: कस्क ईलचा ऑफिडिफॉर्मिस आणि वामीचा अँग्विलिफॉर्मिस. एक कस्क ईल तर 1970 साली अटलांटिक महासागरातल्या प्वेर्तो रिको गर्तेत 8,370 मीटर खोलीवरून मिळाल्याची नोंद आहे.