रेडस्टोन, काही महिन्यांच्या वापरानंतर: एका जास्तीच्या काठीने बसवलेला दणका

माइनक्राफ्ट या ठोकळ्यांच्या व्हिडिओ गेममध्ये दहा वस्तूंचा ऑटोमॅटिक सॉर्टर (येणारा माल आपोआप वेगवेगळ्या चेस्टमध्ये, म्हणजे पेट्यांत, लावणारं यंत्र) महिनोन्‌महिने बिनतक्रार चालतो आणि एके दिवशी कोबलस्टोनच्या चेस्टमध्ये हाडं, बिया, सडकं मांस असा सगळा खिचडा सापडतो. हे होतं तेव्हा पहिला राग रेडस्टोनवर निघतो, म्हणजे यंत्रं चालवणारा सिग्नल वाहून नेणाऱ्या खनिजावर. या खनिजाबद्दलची एक जुनी तक्रारही आहे: भुकटीतून जाणारा सिग्नल प्रत्येक ठोकळ्यामागे एकाने घटतो आणि पंधरा ठोकळ्यांनंतर मरतो. पुढे न्यायचा तर सिग्नल पुन्हा पूर्ण जोरात करणारा रिपीटर लावा. एका रिपीटरला तीन दगड, दोन रेडस्टोन टॉर्च आणि वर एक चिमूट भुकटी, म्हणजे एकूण तीन भुकटी. शिवाय तो कमीत कमी ०.१ सेकंद उशीर करतो. लांब ओळ टाकली की हा उशीर साचत जातो, दोन दरवाजे एकदम उघडायचे असतील तर एक नेहमी मागे राहतो.

या घसरणीसाठी रेटिंगमध्ये एक तारा कमी द्यायचा असं पक्कं होतं. सॉर्टर उघडून पाहिल्यावर मत फिरवावं लागलं, कारण तो या घसरणीवरच चालतो.

हॉपर म्हणजे वस्तू पुढे सरकवणारं पाच कप्प्यांचं नरसाळं. त्याच्या पहिल्या कप्प्यात हवी ती वस्तू, उरलेल्या चार कप्प्यांत जागा अडवायला एकेक भरताड वस्तू. मिळून ४५ होईपर्यंत कम्पॅरेटर (हॉपर किती भरला त्यानुसार सिग्नल देणारा भाग) जास्तीत जास्त २ देतो, सेहेचाळिसावी आली की ३. कम्पॅरेटरपुढे तीन ठोकळे भुकटी टाकली तर २ चा सिग्नल तिसऱ्यावर शून्य होतो, ३ चा तिथे १ उरतो. तेवढ्यावर रिपीटर पेटतो, टॉर्च विझतो, त्याने अडवून धरलेला खालचा हॉपर मोकळा होतो आणि एक वस्तू चेस्टमध्ये उतरते. सिग्नल घटला नसता तर २ आणि ३ यातला फरक रिपीटरला कळलाच नसता.

ट्यूटोरियलवाले पहिल्या कप्प्यात ४१ वस्तू घाला म्हणतात. गरज नाही. एक घातली तरी चालते, बाकीच्या येतील तशा साठतात. फक्त तोवर चेस्ट रिकामी दिसते आणि यंत्र बंद आहे असं वाटतं.

आता बिघाड. चेस्ट भरली की खालचा हॉपर तुंबतो आणि पहिला कप्पा ६४ या त्याच्या मर्यादेपर्यंत चढतो. ६४ आणि ४ मिळून ६८, सिग्नल अजून ३. दर वस्तूला अशी एक पट्टी असते; शेजारच्या पट्टीची भुकटी चिकटून असते, तिला २ मिळतो, तिथलं काही हलत नाही. पण भरताडात एकच वस्तू जास्त असेल तर बेरीज ६९ होते आणि कम्पॅरेटर ४ देतो. शेजारणीला ३ पोचतो, तिचा हॉपर उघडतो आणि उघडाच राहतो. तिच्यातला सगळा माल, भरताडासकट, खाली वाहून जातो. मग रिकाम्या कप्प्यांत वाटेल ते घुसतं.

जास्तीची वस्तू येते कुठून? भरताडात साधी काठी ठेवली आणि वरून काठी वाहत आली, की ती तिथेच जाऊन बसते. चेस्ट भरेपर्यंत पत्ता लागत नाही, म्हणूनच यंत्र एवढे महिने गुण्यागोविंदाने चालतं. उपाय एकच: भरताड वस्तूला ऐरणीवर वेगळं नाव द्या. नाव वेगळं असलं की दुसरी तिच्यावर रचली जात नाही. ती ६४ च्या ढिगात रचली जाणारीच हवी. तलवारी, चिलखतं असल्या न रचल्या जाणाऱ्या वस्तू मात्र या सॉर्टरला कधीच द्यायच्या नाहीत: एकच तलवार पूर्ण कप्पा भरल्यासारखी मोजली जाते, लगेच खाली जाते आणि कप्पा रिकामा होतो.

खर्चाचं बघायचं तर रेडस्टोन स्वस्त आहे. एका पट्टीला दहा भुकटी: तीन वाटेवर, तीन कम्पॅरेटरमध्ये, तीन रिपीटरमध्ये, एक टॉर्चमध्ये. एका धातुकातून चार-पाच निघतात, तेही लोखंडी किंवा त्याहून चांगल्या कुदळीनेच. भट्टीत टाकू नका, एकच मिळते. खरा खिसा कापतात ते हॉपर. पाच लोखंडी विटा एकाला, पट्टीला तीन, म्हणजे दहा पट्ट्यांना दीडशे विटा. शिवाय दर कम्पॅरेटरला एक क्वार्ट्झ, त्यासाठी नेदर या खेळातल्या दुसऱ्या जगाची फेरी. एवढं करून हॉपर एक वस्तू ०.४ सेकंदाने सरकवतो, त्यामुळे एक साधी भरलेली चेस्ट (१,७२८ वस्तू) रिकामी व्हायला साडेअकरा मिनिटं जातात. इथे तारा कापलाच.

चिकटण्याची सवयही त्रासाचीच. शेजारी-शेजारी टाकलेली भुकटी आपोआप जोडली जाते, विचारत नाही. दोन ओळी वेगळ्या ठेवायच्या तर मध्ये एक ठोकळा सोडा. वरून पाणी आलं तर भुकटी, रिपीटर, कम्पॅरेटर सगळं उखडतं, म्हणून माल आणायला पाण्याचा पाट वापरत असाल तर त्याखाली काचेचा किंवा भरीव ठोकळ्यांचा थर घाला आणि तो आधी घाला. माल आणणाऱ्या वरच्या ओळीच्या शेवटी बेवारस मालासाठी एक मोठी चेस्ट ठेवा. ती भरली की अख्खी ओळ थांबते, आणि दोष पुन्हा रेडस्टोनलाच लागतो.