पिनयिनमधला बी आणि आपला प : दादरच्या एका चिनी भाषावर्गाचे परीक्षण

दादर पश्चिमेला चालणाऱ्या एका खासगी चिनी भाषावर्गाचा पहिला टप्पा मी नुकताच पूर्ण केला. मशीद बंदरला आमच्या घरचा हार्डवेअरचा घाऊक व्यापार आहे. माल बव्हंशी चीनमधून येतो आणि दर आठवड्याला कारखान्याकडून येणारे ध्वनिसंदेश दुसऱ्याकडून समजून घ्यावे लागतात, म्हणून वयाच्या चाळिशीत मी हा वर्ग लावला. चार महिने, दर शनिवारी आणि रविवारी सकाळी दीड तास, चौदा विद्यार्थी आणि सोळा हजार रुपये शुल्क, असे त्याचे स्वरूप होते. शिकवणाऱ्या बाई मराठी असून चीनमध्ये राहून शिकून आलेल्या आहेत. वर्गात त्यांना सगळे ‘लाओशी’ म्हणतात, म्हणजे चिनी भाषेत ‘शिक्षक’.

त्यांची तळमळ आणि तयारी यांविषयी माझ्या मनात आदर आहे, आणि अक्षरलेखन त्या ज्या पद्धतीने शिकवतात तसे मुंबईत इतरत्र शिकवले जात असेल असे मला वाटत नाही. तरीही उच्चारांच्या बाबतीत हा वर्ग आपल्या विद्यार्थ्यांवर अन्याय करतो. वर्गातल्या चौदांपैकी अकरा जण घरी मराठी बोलणारे होते. पाठ्यपुस्तक मात्र इंग्रजी जाणणाऱ्यांसाठी लिहिलेले होते आणि उच्चारही इंग्रजीच्याच आधाराने समजावले जात होते.

पिनयिन ही चिनी भाषा रोमन अक्षरांत लिहिण्याची पद्धत चीनने १९५८ साली स्वीकारली. ती तयार करणाऱ्या समितीत चोउ यौक्वांग यांचा वाटा मोठा होता, आणि २०१७ साली वयाच्या १११व्या वर्षी ते वारले. या पद्धतीत बी, डी आणि जी ही अक्षरे आपल्या ब, ड आणि ग यांसाठी नाहीत. त्यांचे उच्चार अनुक्रमे प, त आणि क असे आहेत, तर पी, टी आणि के यांचे उच्चार फ, थ आणि ख असे आहेत. (यातला फ म्हणजे ‘फळ’ म्हणताना ओठ मिटून उच्चारायचा फ.) चिनी भाषेत घोष-अघोष (म्हणजे ब आणि प यांतला) हा भेद येथे महत्त्वाचा नसून अल्पप्राण-महाप्राण (म्हणजे प आणि फ यांतला) हा भेद महत्त्वाचा आहे, आणि हा भेद मराठी मूल पहिलीत जाण्यापूर्वीच अचूक करत असते. इंग्रजी मातृभाषा असलेल्या विद्यार्थ्याला यासाठी तोंडासमोर कागदाचा कपटा धरून तो हलतो की नाही हे पाहावे लागते. आमच्या वर्गातही पहिल्या आठवड्यात तो कपटा हातोहात फिरला, जेव्हा फळ्यावर ‘प-फ, त-थ, क-ख’ एवढे लिहिले असते तरी काम भागले असते. या हिशेबाने ‘पिनयिन’ या शब्दाचा उच्चारही खरे तर ‘फिन-यिन’ असा आहे, पण रूढ झालेले रूप मी येथे बदललेले नाही.

हाच विचार पुढे नेला तर आपल्या वर्तमानपत्रांच्या बाबतीत एक गोष्ट लक्षात येते. जुन्या मराठी वर्तमानपत्रांत ‘माओ त्से तुंग’ असे छापले जाई आणि अलीकडे अनेक ठिकाणी ‘माओ झेडाँग’ असे छापले जाते. रोमन लिपीतले नवे लेखन प्रमाण मानून त्याचा इंग्रजी वाचनानुसार उच्चार केल्याने हा बदल झाला आहे. प्रत्यक्षात पिनयिनमधील झेड म्हणजे आपल्या ‘चाक’ या शब्दातला दंत्य च, आणि डी म्हणजे त, त्यामुळे जुने ‘त्से तुंग’च मूळ उच्चाराच्या कितीतरी जवळ आहे. ‘बीजिंग’ऐवजी ‘पेइचिंग’ असे म्हणणेही त्याच कारणाने अधिक बरोबर ठरते. मराठीत दंत्य आणि तालव्य असे दोन च आहेत, ‘चाक’ मधला आणि ‘चित्र’ मधला. आपण दोन्ही एकाच अक्षराने लिहितो म्हणून आपल्याला त्यांचे भान राहत नाही एवढेच. चिनी भाषेला हे दोन्ही लागतात, आणि जिभेचे टोक मागे वळवून उच्चारायचा मूर्धन्य च तिसरा. त्याला जोडून येणारा श हा शाळेत शिकलेल्या, पण बोलताना बहुतेकांच्या तोंडून हरवलेल्या ‘षट्कोना’तल्या ष सारखा आहे. पिनयिनमधील सी मात्र आपल्याला खरोखर नवा आहे, कारण तो दंत्य च चा महाप्राण आहे आणि मराठीत तसा ध्वनी नाही. म्हणजे कष्ट नेमके कोठे घ्यायचे हे मराठी विद्यार्थ्याला आधी सांगता येते. ते कोणी सांगितले नाही, म्हणून दोन महिने आम्ही जे येत होते तेच पुन्हा शिकत राहिलो.

तैवानमध्ये लहान मुलांना रोमन अक्षरांऐवजी ‘चूयिन’ नावाच्या ३७ खुणा शिकवतात. या खुणा १९१८ साली चीनमध्येच अधिकृत झाल्या होत्या. त्यांचा क्रम प, फ, म. मग त, थ, न, ल. मग क, ख, ह असा, म्हणजे उच्चारस्थानानुसार लावलेला आहे, आणि आपली वर्णमाला पाठ असलेल्या कोणालाही तो पाहताक्षणी ओळखीचा वाटेल. बौद्ध भिक्षूंबरोबर संस्कृतचा वर्णविचार चीनमध्ये पोचला आणि तेथील ध्वनिकोष्टकांवर त्याचा ठसा उमटला, असे अभ्यासक मानतात. हे कोष्टक वर्गाच्या भिंतीवर टांगलेले असायला हवे होते, पण वर्गात त्याचा उल्लेखही झाला नाही.

स्वरांचे चढउतार, ज्यांना वर्गात ‘टोन’ म्हणतात, पहिल्या तीन तासिकांत नीट शिकवले गेले. प्रमाण चिनीत चार टोन आहेत आणि पाचवा हलका, अनाघात उच्चार आहे. ‘मा’ हेच अक्षर सरळ उंच स्वरात आई, चढत्या स्वरात ताग, खाली जाऊन वर येणाऱ्या स्वरात घोडा आणि वरून खाली पडणाऱ्या स्वरात दरडावणे असा अर्थ देते. आपणही ‘हो’ हा शब्द प्रश्नार्थी, कंटाळून किंवा ठासून म्हणतो, पण त्याने आपला भाव बदलतो, शब्द बदलत नाही. व्यापाऱ्याला तर ही चूक महागात पडू शकते, कारण ‘माइ’ तिसऱ्या टोनमध्ये विकत घेणे आणि चौथ्या टोनमध्ये विकणे होते. तिसऱ्या महिन्यानंतर मात्र संवाद पाठ करून घेण्यावर भर आला आणि टोन चुकले तरी कोणी थांबवेनासे झाले. शिकवणीतली ही उणीव गंभीर आहे, कारण चुकीचा टोन एकदा जिभेवर बसला की तो उतरवणे फार कठीण जाते.

आता वर्गाच्या खऱ्या बलस्थानाविषयी. अक्षरे आमच्याकडून चौकटीच्या वहीत अक्षरशः गिरवून घेतली गेली. रेघांचा क्रम चुकला की लाओशी वही परत देत आणि आडवी रेघ आधी, उभी नंतर, वरून खाली, डावीकडून उजवीकडे हे नियम हातात मुरेपर्यंत पुढचे अक्षर देत नसत. त्याहून महत्त्वाचे म्हणजे त्या अक्षराची फोड करून सांगत. बहुसंख्य चिनी अक्षरांत एक भाग अर्थाकडे बोट दाखवतो आणि दुसरा उच्चाराकडे. ‘आई’च्या अक्षरात डावीकडे स्त्री आहे आणि उजवीकडे घोडा, कारण घोड्याचा उच्चारही ‘मा’ असाच आहे. पाण्याशी संबंधित शब्दांत डावीकडे तीन थेंब दिसतात. १७१६ साली पूर्ण झालेल्या खांगशी शब्दकोशात ४७ हजारांहून अधिक अक्षरे २१४ मूळ घटकांखाली लावलेली आहेत. रोजच्या वाचनासाठी मात्र चीनने १९८८ साली काढलेल्या यादीतली ३,५०० अक्षरे पुरतात. चार महिन्यांत मला साधारण २२० अक्षरे न पाहता लिहिता येऊ लागली आणि ती अजून विसरलेली नाहीत. शुल्काचे पैसे वसूल झाले असे मी म्हणते ते या भागामुळे.

वर्गात केवळ सरलीकृत लिपी शिकवतात. चीनने ती १९५६ पासून टप्प्याटप्प्याने आणली आणि सिंगापूरनेही स्वीकारली, तर तैवान, हाँगकाँग आणि मकाऊ येथे पारंपरिक अक्षरेच चालतात. आमचा व्यवहार मुख्य भूमीशी असल्याने हा निर्णय मला मान्य आहे. पण बाजूला पारंपरिक रूप एकदा दाखवले असते तर पुष्कळ उलगडले असते. चिनी भाषेत मुंबईला ‘मंगमाइ’ म्हणतात आणि त्यातले दुसरे अक्षर ‘विकत घेणे’ हेच आहे. ते उच्चारासाठी घेतलेले आहे, अर्थासाठी नव्हे, पण या शहराला ते शोभते. त्याच्या पारंपरिक रूपात वर जाळे आणि खाली शिंपला दिसतो, कारण प्राचीन काळी शिंपले चलन म्हणून वापरत. सरलीकृत रूपात जाळेही गेले आणि शिंपलाही गेला. शेवया आणि चेहरा यांसाठी आता एकच अक्षर आहे. पूर्वी शेवयांच्या अक्षराला गव्हाचे चिन्ह जोडलेले असे. आजोबांचे मोडीतले कागद हातात घेऊन त्यातले काहीच न लागणे हा अनुभव ज्या मराठी घरांत आहे, त्यांना लिपी बदलल्यावर काय तुटते हे वेगळे सांगावे लागत नाही. चिनी वाचकाचे तुटणे इतके पूर्ण नाही, तो संदर्भाने पुष्कळ वाचू शकतो.

माझी सर्वांत मोठी तक्रार वेगळी आहे. पहिल्याच दिवशी सांगितले गेले की चिनी ही एक भाषा असून कॅन्टोनीज वगैरे तिच्या बोली आहेत, आणि लिपी एकच असल्याने सगळे एकमेकांचे लिहिलेले वाचतात. हे फार सोपे करून सांगणे झाले. आपण शिकतो ती ‘फूथुंगहुआ’, म्हणजे पेइचिंगच्या उच्चारांवर आधारलेली प्रमाण भाषा. चिनी भाषांचे परंपरेने सात गट मानतात: उत्तरेकडची मँडरिन (फूथुंगहुआ हिच्यातलीच), शांघाय परिसरातली वू, दक्षिणेकडच्या क्वांगतुंग प्रांतातली युए म्हणजेच कॅन्टोनीजचा गट, मिन, हक्का, कान आणि श्यांग. पेइचिंगचा आणि क्वांगचौचा माणूस केवळ आपापल्या घरच्या भाषेत बोलले तर त्यांना एकमेकांचे कळत नाही. ते अंतर मराठी आणि अहिराणी यांच्यातल्या अंतरापेक्षा कितीतरी जास्त आहे. लिपीचेही तसेच. सर्वांना वाचता येते ते लेखन मँडरिनच्या व्याकरणावर बेतलेले असते, आणि हाँगकाँगमध्ये बोली कॅन्टोनीज लिहायची झाली की त्यासाठी वेगळी अक्षरे वापरतात.

यासाठी दूर जाण्याचीही गरज नव्हती. माझगावला नवाब टँक मार्गावर ‘सी यप’ मंदिर आहे. क्वांगतुंग प्रांतातल्या चार परगण्यांतून आलेल्या चिनी कुटुंबांनी ते १९१९ साली उभारले. ‘सी यप’ म्हणजे चार परगणे. तीच दोन अक्षरे फूथुंगहुआमध्ये ‘स यी’ अशी वाचली जातात, कारण शब्दाच्या शेवटी येणारे प, त, क हे व्यंजन कॅन्टोनीजने जपले आणि मँडरिनने गमावले. ‘दहा’ला कॅन्टोनीजमध्ये ‘सप’ म्हणतात आणि मँडरिनमध्ये ‘ष’. कॅन्टोनीजमध्ये टोनही सहा आहेत. वर्गापासून टॅक्सीने अर्ध्या तासावर असलेल्या या मंदिराच्या पाटीसमोर एक रविवार घालवला असता तर बोलींचा संपूर्ण धडा तेथे उभ्या उभ्या झाला असता. मी एकटी जाऊन आले आणि पुढच्या तासाला हे सांगितले. लाओशींनी मनापासून ऐकले आणि पुढच्या तुकडीला घेऊन जाण्याचे कबूल केले, हे मी त्यांच्या बाजूने नोंदवते.

शेवटच्या दिवशी त्या प्रत्येकाला चिनी नाव देतात. हा तास मला फार आवडला, कारण त्यात डॉ. द्वारकानाथ कोटणीस यांची आठवण निघाली. सोलापूरला जन्मलेले आणि मुंबईत वैद्यकीय शिक्षण घेतलेले कोटणीस १९३८ साली भारतीय वैद्यकीय पथकातून चीनला गेले, तेथे चिनी भाषा शिकले आणि १९४२ साली अवघ्या ३२व्या वर्षी तेथेच वारले. त्यांचे चिनी नाव ‘खे तिहुआ’. पथकातल्या पाचही डॉक्टरांच्या नावांच्या शेवटी चीन या अर्थाचे ‘हुआ’ जोडलेले होते, आणि कोटणीसांच्या मुलाचे नाव भारत आणि चीन या दोहोंना जोडून ‘यिनहुआ’ असे ठेवले गेले.

दुसऱ्या टप्प्यासाठी मी नाव नोंदवले आहे. नव्याने प्रवेश घेणाऱ्यांनी देवनागरीतले उच्चारकोष्टक पहिल्याच दिवशी मागून घ्यावे. मी तयार केलेल्या दोन पानांच्या प्रती लाओशींनी आपल्या कपाटात ठेवून घेतल्या आहेत.